फोटो ५० केबीच्या आत आहे, तरी अर्ज घेत नाही: इर्फानव्ह्यूमधले नेहमीचे घोळ आणि त्यांची दुरुस्ती

बँक भरतीच्या अर्जाची मुदत संपत आली की सांगली-मिरजेपासून जत-आटपाडीपर्यंत आणि सातारा-कराडपासून दहिवडी-वडूजपर्यंत प्रत्येक ई-सेवा केंद्रात एकच तक्रार ऐकू येते. नाव-पत्ता भरून झाला, शिक्षण भरून झालं, आणि फोटो-सहीच्या पानावर गाडी अडली. कधी ‘फाइल साइझ मोठी आहे’, कधी ‘लहान आहे’, कधी नुसतंच ‘इनव्हॅलिड इमेज’. मग मोबाइलवरचं एखादं ‘फोटो कंप्रेस’ ॲप उघडलं जातं, फोटो तीन-चार वेळा दाबला जातो, आणि शेवटी अपलोड होतो तो धूसर, ताणलेला किंवा आडवा पडलेला चेहरा. परीक्षा केंद्राच्या दारात ओळख पटवताना हाच फोटो समोर येतो, म्हणून तो नीट असणं फार गरजेचं आहे.

यासाठी फोटोशॉप लागत नाही. इर्फानव्ह्यू हा विंडोजवर चालणारा, काही एमबीचा व्ह्यूअर, म्हणजे फोटो बघण्याचा प्रोग्रॅम, पुरेसा आहे. ऑस्ट्रियात राहणारे इर्फान श्किल्यान १९९६ पासून तो सांभाळत आहेत आणि जुन्या, कमी रॅमच्या कॉम्प्युटरवरही तो झटकन उघडतो. खाली उदाहरणासाठी आयबीपीएस या बँक भरतीच्या परीक्षा घेणाऱ्या संस्थेच्या अर्जातले आकडे घेतले आहेत: फोटो २०० × २३० पिक्सेल आणि २० ते ५० केबी, सही १४० × ६० पिक्सेल आणि १० ते २० केबी. दुसऱ्या अर्जाचे आकडे वेगळे असतील. जाहिरातीच्या पीडीएफमध्ये फोटो-सहीच्या सूचना बहुतेक वेळा अगदी शेवटी असतात, त्या उघड्या ठेवूनच काम सुरू करा.

घोळाचं मूळ

पिक्सेल, केबी आणि डीपीआय ही तीन वेगळी मापं आहेत. यातलं एक चुकलेलं असताना दुसरंच बदललं जातं, आणि बहुतेक नकार इथूनच येतात.

पिक्सेल म्हणजे फोटोत आडवे-उभे किती ठिपके आहेत. केबी म्हणजे तेच ठिपके जेपीजीमध्ये दाबून ठेवल्यावर फाइल किती जागा घेते. ठिपके तेवढेच ठेवून केबी कमी-जास्त करता येतात, पण एका मर्यादेतच. डीपीआय हा फक्त छपाईसाठीचा शेरा आहे: एका इंचात किती ठिपके छापायचे. ७२ चे २०० डीपीआय केल्याने फोटोत एकही ठिपका वाढत नाही आणि केबीही बदलत नाहीत.

जाहिरातीत माप सेंटिमीटरमध्ये दिलं असेल तरच डीपीआय कामाला येतो. सेंटिमीटरला डीपीआयने गुणायचं आणि २.५४ ने भागायचं. ३.५ × ४.५ सेंमी आणि २०० डीपीआय म्हटलं असेल तर २७६ × ३५४ पिक्सेल. एवढा हिशेब आधी कागदावर केला की पुढे अंदाज बांधावा लागत नाही.

क्रम बदलू नका

आधी कापायचं, मग लहान करायचं, आणि केबीकडे सगळ्यात शेवटी, सेव्ह करतानाच बघायचं. आणि हे सगळं मूळ फोटोवरून एकाच दमात. मध्ये सेव्ह करून पुन्हा उघडायचं नाही.

१. मूळ फोटो उघडा आणि ‘आय’ दाबा. माहितीची खिडकी येईल. ‘ओरिजिनल साइझ’ समोरचे पिक्सेल बघून घ्या. मोबाइलच्या १२ मेगापिक्सेल फोटोला तिथे ४००० × ३००० च्या आसपास आकडा दिसतो.

२. शिफ्ट + सी दाबा. ‘क्रिएट कस्टम क्रॉप सिलेक्शन’ची चौकट उघडेल. रुंदी १४०० आणि उंची १६१० टाका. हे आकडे २०० × २३० च्याच प्रमाणात आहेत, म्हणजे २० ला २३. चेहरा फोटोत लहान असेल तर ८०० × ९२० किंवा १००० × ११५० घ्या, मोठा असेल तर १६०० × १८४० किंवा २००० × २३००.

३. फोटोवर चौकट दिसेल. माऊसचं उजवं बटण दाबून धरलं की ती जशीच्या तशी सरकवता येते. डोक्यावर थोडी जागा आणि खाली खांदे येतील अशी ती बसवा. कोपरा धरून ओढू नका, प्रमाण बिघडतं. लहान-मोठी करायची असेल तर पुन्हा शिफ्ट + सी करून आकडे बदला.

४. कंट्रोल + वाय. फोटो कापला जाईल. आवडला नाही तर कंट्रोल + झेड.

५. कंट्रोल + आर. रिसाइझची खिडकी. एककात पिक्सेल निवडलेलं आहे ना ते बघा, रुंदीत २०० टाका. ‘प्रिझर्व्ह ॲस्पेक्ट रेशो’वर खूण असेल आणि क्रॉप बरोबर झाला असेल तर उंचीत २३० आपोआप येतं. दुसराच आकडा आला तर खूण काढून जबरदस्तीने २३० टाकू नका. मागे जाऊन क्रॉप तपासा. खाली पद्धतीत ‘रिसाइझ’ऐवजी ‘रिसॅम्पल’ निवडा आणि फिल्टर लँक्झोस ठेवा. ‘अप्लाय शार्पन आफ्टर रिसॅम्पल’वर खूण केली की लहान झालेल्या फोटोत डोळे-भुवया स्पष्ट राहतात.

६. ‘एस’ दाबा. नुसतं एस म्हणजे ‘सेव्ह ॲज’. कंट्रोल + एस मूळ फाइलवरच लिहितं आणि मोठा फोटो हातचा जातो, म्हणून ती सवय इथे टाळा. प्रकार जेपीजी निवडा. बाजूला क्वालिटीची पट्टी असलेली खिडकी दिसत नसेल तर सेव्हच्या चौकटीतल्या ‘शो ऑप्शन्स डायलॉग’वर खूण करा.

क्वालिटी किती ठेवायची हे पुढे येतंय, कारण तिथेच सगळ्यात जास्त लोक अडकतात.

चेहरा रुंद, गाल फुगलेले दिसतात

स्टुडिओतला पासपोर्ट फोटो स्कॅन केला, रिसाइझमध्ये २०० आणि २३० दोन्ही टाकले, आणि चेहरा ओळखीचा वाटेना. कारण साधं आहे. पासपोर्ट फोटो ३.५ × ४.५ सेंमीचा असतो. तो २०० पिक्सेल रुंद केला तर प्रमाणात उंची २५७ यायला हवी. तुम्ही ती २३० वर दाबली, म्हणजे उंचीच्या मानाने चेहरा जवळपास १२ टक्के रुंद झाला. एवढा फरक माणसाच्या नजरेला लगेच टोचतो.

उपाय (इथे तेवढा क्रम उलटा): प्रमाण राखून २०० × २५७ करा आणि मग २७ पिक्सेल कापा. शिफ्ट + सी मध्ये रुंदी २००, उंची २३० टाकून चौकट वर सरकवा म्हणजे खालचा शर्टाचा भाग निघून जातो. डोक्यावर जागा जास्त असेल तर थोडं वरून, थोडं खालून. खांदे आधीच कापलेले असतील आणि खालून काही काढता येत नसेल, तर उलटं करा: उंची २३० ठेवा, रुंदी १७९ येईल, आणि शिफ्ट + व्ही मधून कॅनव्हास वाढवून डावीकडे १० आणि उजवीकडे ११ पिक्सेल पांढरे जोडा. मागची भिंत पांढरी असेल तरच हे खपतं, निळ्या पडद्यावर पांढऱ्या पट्ट्या उठून दिसतात.

‘फाइल २० केबीपेक्षा लहान आहे’

हा नकार लोकांना सगळ्यात जास्त गोंधळात टाकतो, कारण सगळ्यांचं लक्ष ५० च्या वरच्या मर्यादेवर असतं.

२०० × २३० म्हणजे एकूण ४६,००० ठिपके. न दाबता साठवले तर सुमारे १३५ केबी. जेपीजीमध्ये क्वालिटी ८० ला हाच फोटो साधारण ८ ते १२ केबीत मावतो, मागची भिंत सपाट असेल तर त्याहूनही कमी. मोबाइलवरची कंप्रेस ॲप्स क्वालिटी अजून खाली नेतात. म्हणजे पिक्सेल बरोबर, फोटो बरोबर, पण फाइल २० च्या खाली.

इथे क्वालिटी वाढवायची असते. पट्टी ९५ ते १०० वर न्या आणि ‘डिसेबल कलर सबसॅम्पलिंग’वर खूण करा. नेहमीच्या जेपीजीत रंगाची माहिती चार ठिपक्यांत मिळून एकदाच साठवली जाते. ही खूण केली की प्रत्येक ठिपक्याचा रंग वेगळा साठवला जातो: फाइल वाढते आणि ओठ, कपाळाचं कुंकू, लाल काठ यांच्या कडा पुसट होत नाहीत. केबीही वाढले आणि फोटोही सुधारला, असा दुहेरी फायदा इथे आहे.

क्वालिटी १०० करूनही २० केबी होत नसतील तर मूळ फोटोतच तपशील नाही असं समजा. बहुधा तो आधी कुठेतरी दाबला गेलाय. चांगला मूळ फोटो मिळत नसेल तर त्याच प्रमाणात पिक्सेल थोडे वाढवा: २४० × २७६. आयबीपीएसच्या सूचनेत २०० × २३० च्या पुढे ‘प्रिफर्ड’ असं लिहिलेलं असतं. केबीची मर्यादा मात्र पक्की असते. ज्या अर्जात पिक्सेलही काटेकोर तपासले जातात तिथे हा मार्ग चालणार नाही, तिथे फोटो पुन्हा काढणंच बरं.

‘कीप ओरिजिनल ईएक्झिफ’ची खूण ठेवून (ईएक्झिफ म्हणजे कॅमेऱ्याने फोटोसोबत लिहिलेली माहिती) फाइल फुगवायचा सल्लाही कुणी कुणी देतं. फाइल थोडी वाढते खरी, पण त्यातून फोटो आडवा पडण्याचा धोका आणि घराचं जीपीएस ठिकाण फाइलीत जाण्याचा धोका. खूण काढलेलीच बरी.

सही काही केल्या १० केबी होत नाही

सहीचं गणित तर अजून चमत्कारिक. १४० × ६० म्हणजे ८,४०० ठिपके. काळी-पांढरी, म्हणजे ग्रेस्केल सही अजिबात न दाबता ठेवली तरी ८,४०० बाइट, म्हणजे १० केबीच्या खालीच. जेपीजी तर दाबण्यासाठीच आहे. त्यामुळे १४० × ६० ची ग्रेस्केल सही १० ते २० केबीत बसवायची धडपड वेळ खाते, हाती काही लागत नाही. पिक्सेल वाढवल्याशिवाय इथे सुटका नाही.

१४० ला ६० म्हणजे ७ ला ३. हे प्रमाण धरून काम करा:

कोऱ्या पांढऱ्या कागदावर काळ्या शाईने सही करा. रेघांची वही नको, मागची शाई उमटलेला कागद नको. आयबीपीएसला सही कॅपिटल अक्षरांत चालत नाही. शक्य असेल तर स्कॅनरवर ३०० डीपीआयने स्कॅन करा. मोबाइलने फोटो काढायचा असेल तर खिडकीजवळ, फ्लॅश बंद ठेवून, फोन कागदाला समांतर धरून, हाताची सावली पडू न देता.

सही तिरकी आली असेल तर कंट्रोल + यू मधून एक-दोन अंश फिरवून सरळ करा. मग शिफ्ट + सी: १४०० × ६०० किंवा ७०० × ३००, आणि कंट्रोल + वाय. सही चौकटीत भरून दिसली पाहिजे. मोठ्या पांढऱ्या कागदाच्या मधोमध मुंगीएवढी सही ठेवली की लहान केल्यावर तिचे नुसते ठिपके उरतात.

कंट्रोल + जी दाबून ग्रेस्केल करा. कागद करडा दिसत असेल तर शिफ्ट + जी मध्ये कॉन्ट्रास्ट ४० ते ६० ने आणि ब्राइटनेस १५ ते ३० ने वाढवून बघा. शेजारी आधीचं आणि नंतरचं दोन्ही दिसतं. कागद पांढरा झाला आणि बारीक रेषा अजून शाबूत आहेत, तिथे थांबा. एका कोपऱ्यात सावली असेल तर कॉन्ट्रास्टने ती जात नाही, उलट काळा डाग होऊन बसते. अशा वेळी दोन मिनिटं घालवून फोटो पुन्हा काढा.

‘डिक्रीझ कलर डेप्थ’मधून सही दोन रंगांत बदलायचा मोह होतो, कारण कागद एकदम शुभ्र होतो. पण रेषेच्या कडा करवतीसारख्या दातेरी होतात आणि लहान केल्यावर अक्षरं तुटतात. ग्रेस्केलवरच राहा.

आता रिसाइझमध्ये रुंदी २८० टाका, उंची १२० येईल. क्वालिटी ९५-१०० ला सेव्ह करून केबी बघा. १० पेक्षा कमी भरलं तर कंट्रोल + झेडने रिसाइझच्या मागे जाऊन ४२० × १८० करा आणि क्वालिटीची पट्टी खाली-वर करून फाइल १२ ते १८ केबीत आणा. कंट्रोल + झेड एकच पायरी मागे जात असेल तर ‘पी’ दाबून सेटिंग्जमध्ये एकापेक्षा जास्त वेळा अनडू करण्याचा पर्याय चालू करून घ्या.

याच अर्जात आणखी दोन फाइली लागतात: डाव्या अंगठ्याचा ठसा २४० × २४० पिक्सेल आणि २० ते ५० केबी, हाताने लिहिलेलं घोषणापत्र ८०० × ४०० आणि ५० ते १०० केबी. दोन्हींना हीच पद्धत. घोषणापत्राला पिक्सेल भरपूर असल्याने ते सहसा अडत नाही. ठशात मात्र कॉन्ट्रास्ट फार वाढवू नका, शाई जास्त असली की रेषा एकमेकींत मिसळून काळा गोळा होतो. शाईचा पॅड वापरून एक ठसा कोऱ्या कागदावर टिपून टाका आणि त्यानंतरचा दुसरा ठसा स्कॅनला घ्या.

कॉम्प्युटरवर सरळ, अर्जात आडवा

मोबाइल उभा धरून फोटो काढला तरी सेन्सर बहुधा आडवाच फोटो साठवतो आणि सोबत एक खूण लिहितो, ‘दाखवताना ९० अंश फिरवा’. हीच ईएक्झिफ ओरिएंटेशन खूण. इर्फानव्ह्यू ती वाचून फोटो सरळ दाखवतो. अर्जाचा सर्व्हर ती वाचेलच असं नाही. मग तुमच्याकडे सरळ असलेला चेहरा तिकडे आडवा पडतो.

उलटही घडतं. फोटो खरोखर फिरवून सेव्ह केला पण जुनी खूण फाइलीत तशीच राहिली, तर ती वाचणारा प्रोग्रॅम फोटो पुन्हा एकदा फिरवतो.

दोन्हींवर उपाय एकच. ‘पी’ दाबून सेटिंग्जमध्ये जेपीजीच्या पानावर ईएक्झिफनुसार आपोआप फिरवण्याची खूण चालू ठेवा, फोटो सरळ दिसतोय ना ते बघा; नसेल तर ‘आर’ उजवीकडे आणि ‘एल’ डावीकडे फिरवतं. सेव्ह करताना ‘कीप ओरिजिनल ईएक्झिफ’ची खूण काढा. खूणच उरली नाही की दुसऱ्यांदा फिरवण्याचा प्रश्न मिटतो. सेल्फीत शर्टाच्या खिशाची बाजू बदललेली दिसली तर तो आरशातला फोटो आहे. ‘एच’ दाबून उलटा करून घ्या.

नावात जेपीजी आहे, तरी ‘इनव्हॅलिड फॉरमॅट’

फाइलचं नाव बदलल्याने आतला मजकूर बदलत नाही. ब्राउझरमधून उतरवलेला फोटो पुष्कळदा वेबपी असतो, आयफोनचा फोटो एचईआयसी असतो, स्क्रीनशॉट पीएनजी असतो. त्याच्या शेपटीला कुणीतरी जेपीजी जोडलेलं असतं. सर्व्हर शेपटीवर विसंबत नाही, फाइलचे पहिले बाइट वाचतो; जेपीजीचे ते ठरलेले असतात.

हा दोष पकडायला इर्फानव्ह्यू फार उपयोगी आहे. अशी फाइल उघडली की तो लगेच सांगतो, ‘ही अमुक प्रकारची फाइल आहे, एक्सटेन्शन चुकीचं आहे, नाव बदलू का?’ घाईत ‘नो’ दाबून लोक पुढे जातात. ‘यस’ म्हणा आणि मग ‘एस’ दाबून खऱ्या अर्थाने जेपीजी म्हणून सेव्ह करा. शंका असेल तर ‘आय’ दाबून ‘कंप्रेशन’समोर जेपीईजी लिहिलंय का बघा.

एचईआयसी उघडायला प्लगइन आणि विंडोजचा कोडेक दोन्ही लागतात. ही खटपट करण्यापेक्षा आयफोनच्या कॅमेरा सेटिंगमध्ये फॉरमॅट ‘मोस्ट कम्पॅटिबल’ करून फोटो नव्याने काढणं सोपं.

एवढं करूनही अडलं तर आणखी तीन गोष्टी बघा. सेव्ह करताना ‘प्रोग्रेसिव्ह जेपीजी’वर खूण असेल तर काढा, काही जुने अपलोड प्रोग्रॅम ती फाइल घेत नाहीत. फाइलचं नाव रोमन अक्षरांत, लहान, मध्ये जागा किंवा जास्तीचे टिंब न ठेवता द्या. आणि विंडोज एक्सटेन्शन लपवत असेल तर ते दाखवायला लावा, कारण नावाच्या शेवटी दोनदा जेपीजी लागलेल्या फाइली याच लपवाछपवीतून तयार होतात. फ्लेक्सच्या दुकानातून आणलेला फोटो सीएमवायके, म्हणजे छपाईच्या रंगपद्धतीतला असू शकतो आणि अपलोड झाल्यावर रंग भलतेच दिसतात. इर्फानव्ह्यूमध्ये उघडून नव्या नावाने जेपीजी सेव्ह केला की तो नेहमीच्या आरजीबीत येतो.

माझ्याकडे २० केबी दिसतंय, अर्ज कमी म्हणतोय

तुम्ही कुठला आकडा बघताय त्यावर हे अवलंबून आहे.

इर्फानव्ह्यूच्या माहितीच्या खिडकीत ‘डिस्क साइझ’ आणि ‘करंट मेमरी साइझ’ असे दोन आकडे असतात. मेमरीचा आकडा म्हणजे न दाबलेला फोटो, त्याचा अर्जाशी काही संबंध नाही. ‘डिस्क साइझ’ही उघडलेल्या मूळ फाइलचा असतो. तुम्ही कापलं, लहान केलं, तरी सेव्ह करून नवी फाइल उघडेपर्यंत तो हलत नाही. ‘एवढं लहान केलं तरी ३ एमबीच दाखवतोय’ ही तक्रार इथून येते.

विंडोजच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘साइझ’ आणि ‘साइझ ऑन डिस्क’ असे दोन आकडे दिसतात. डिस्कवर जागा सहसा ४ केबीच्या कप्प्यांत दिली जाते, म्हणून १७.३ केबीची फाइल डिस्कवर २० केबी दिसते. अर्ज पहिला आकडा मोजतो. शिवाय कुणी १ केबी म्हणजे १,००० बाइट धरतं, कुणी १,०२४. काठावर राहूच नका. २० ते ५० मागितलं असेल तर २५ ते ४५ मध्ये बसवा.

धूसर किंवा चौकोनी चट्टे पडलेला फोटो

जेपीजी फोटोचे ८ × ८ ठिपक्यांचे तुकडे करून ते दाबतो. प्रत्येक सेव्हमध्ये थोडा तपशील जातो, आणि चार वेळा सेव्ह केलेल्या फोटोत गालावर हे चौकोन उघड दिसू लागतात. गेलेला तपशील शार्पन करून परत येत नाही, चट्टेच अधिक ठळक होतात.

व्हॉट्सॲपवर आलेला फोटो म्हणजे लगेच टाकाऊ, असं मात्र नाही. साध्या पद्धतीने पाठवलेल्या फोटोची लांब बाजू साधारण १६०० पिक्सेलपर्यंत राहते. त्यातून चेहऱ्याची ६०० × ६९० ची चौकट निघत असेल तर २०० × २३० साठी ती पुरेशी आहे. डीपीवरून घेतलेला स्क्रीनशॉट किंवा लग्नाच्या ग्रुप फोटोतून कापलेला चेहरा मात्र घेऊ नका. चौकट २०० × २३० पेक्षा लहान पडत असेल तर तो फोटो मोठा करून भागणार नाही. गावाकडून फोटो मागवताना ‘डॉक्युमेंट म्हणून पाठवा’ एवढं सांगितलं की मूळ फाइल जशीच्या तशी येते.

मागची भिंत बदलणं हे व्ह्यूअरचं काम नाही. केसांभोवती पांढरी झालर राहते आणि फोटो बनावट वाटतो. उजेडी वेळी, पांढऱ्या किंवा फिक्या भिंतीपासून दोन-तीन फूट पुढे उभं राहून काढलेल्या फोटोला पुढे शिफ्ट + यू ने रंग थोडे सुधारले तर सुधारले, नाहीतर तेवढ्याचीही गरज पडत नाही.

‘सेट फाइल साइझ’ चालतच नाही

जेपीजी सेव्हच्या खिडकीत हवे ते केबी टाकायची सोय आहे, पण ती रायट नावाच्या प्लगइनवर चालते. प्लगइनचा संच वेगळा उतरवून घ्यावा लागतो. इर्फानव्ह्यू ६४ बिट असेल तर प्लगइनही ६४ बिटच हवेत. ३२ बिटचे टाकले की काहीच घडत नाही आणि नेमकं कारण लक्षात येत नाही. हेल्पमधल्या ‘अबाउट’मध्ये बिट लिहिलेले असतात.

ही सोय फाइल लहान करायला चांगली आहे. लहान फाइल मोठी करायला तिचा उपयोग नाही: ४६,००० ठिपक्यांच्या सपाट फोटोला ४५ केबी सांगितलं तरी तो जिथे थांबायचा तिथे थांबतो. एका फोटोसाठी पट्टी हाताने सरकवणंच लवकर होतं.

केंद्रात एकाच वेळी दहा-वीस अर्ज असतील तर ‘बी’ दाबून बॅच, म्हणजे अनेक फाइलींवर एकदम काम करायची सोय, उघडता येते. पण प्रत्येक फोटोत चेहरा वेगळ्या जागी असल्याने कापायचं काम हातानेच करा. बॅचमध्ये फक्त रिसाइझ आणि क्वालिटी. या पद्धतीत फोटो दोनदा सेव्ह होतो, म्हणून कापलेले फोटो पीएनजीत ठेवा, त्यात तपशील जात नाही. आउटपुटचं फोल्डर वेगळं द्या आणि ‘ओव्हरराइट’ची खूण बंद आहे ना ते बघा, नाहीतर वीसही मूळ फोटो एका क्लिकमध्ये २०० × २३० होऊन बसतात.

इर्फानव्ह्यू घरगुती आणि शैक्षणिक वापरासाठी मोफत आहे. पैसे घेऊन अर्ज भरणाऱ्या केंद्राने परवाना विकत घ्यायला हवा. तसं करायचं नसेल तर नोमॅक्स हा जीपीएल या मुक्त परवान्याचा व्ह्यूअर आहे, त्यातही क्रॉप आणि रिसाइझ होतं. बटणं वेगळी, पण वरचा क्रम आणि गणित तेच राहतं.

अपलोड झाल्यावर ‘सबमिट’ दाबण्याआधी प्रिव्ह्यू नीट बघा. फोटोच्या जागी सही आणि सहीच्या जागी फोटो गेला असेल तर परीक्षेला बसू दिलं जात नाही, आणि शेवटच्या रात्री हाच घोळ सर्रास होतो. दोन्ही फाइलींना अर्जदाराचं नाव आणि पुढे ‘फोटो’ किंवा ‘साइन’ असं नाव देऊन, मूळ मोठ्या फोटोसह एकाच फोल्डरमध्ये ठेवा. पुढची जाहिरात वेगळी मापं मागेल तेव्हा काम त्या मूळ फोटोवरूनच करायचं आहे.